तुटक रेघ

पहाटे साडेपाचला स्वारगेटहून निघालो,
बारा जण, एक टेम्पो ट्रॅव्हलर,
माणशी नऊशे, त्यात पोहे, जेवण आणि स्थानिक वाटाड्या.
शेजारच्या पोरानं विचारलं, काका, पहिलाच ट्रेक?
मी म्हटलं, हो. आणि नाही.

म्हणजे असं, की हा डोंगर मी काढलाय.
पुण्यात नकाशांच्या कचेरीत, एकतीस वर्षं,
उत्तरेच्या खिडकीपाशी तिरक्या टेबलावर
तपकिरी शाईची एक रेघ, तिच्या आत दुसरी,
दोहोंमध्ये वीस मीटर.
श्वास रोखून काढायची असते ती.

वेल्ह्याच्या बरंच पुढे रस्ता संपला,
तिथे ठकूबाई ढेबे उभ्या होत्या.
काष्टा, वर मुलाचं कॉलेजचं जर्किन,
मार्गशीर्षात काळे पावसाळी बूट.
आमच्याकडे एकदा बघून
त्यांनी बारा खडे उचलले, डाव्या मुठीत धरले.
"पोचलेला मानूस उजव्या हातात," म्हणाल्या
आणि चालू लागल्या.

पहिल्या वीस मीटरला कारवीला धरून उभा राहिलो.
दुसऱ्याला बाटली संपली.
तिसऱ्याला हिरड्याखाली बसून
मनातल्या मनात माफी मागितली, कुणाची ते कळेना.
रेघा जिथे एकमेकींना चिकटतात
तिथून किती सहज फिरला होता माझा हात,
डबा उघडायच्या आत एवढं उरकू म्हणून.

"उंची किती असेल इथली?" पोरानं विचारलं.
"आठशे चाळीस," मी म्हणालो.
"दाजी बसला," ठकूबाई म्हणाल्या.
म्हणजे?
म्हणजे नाव, ह्या जाग्याचं.
आतेचा नवरा लग्नानंतर पहिल्यांदा आला,
इथवर आला, आणि बसला.
म्हणाला, बायकोला इकडंच धाडा.
अख्खी वाडी ताकाचा तांब्या घेऊन खाली, बघायला.
दाजी पुढे उठला, सासरवाडीला पोचला, म्हाताराही झाला,
नसरापुरात नातवांची पिठाची गिरणी आहे.
जागा अजून बसलेलीच.

वाडीत पाच घरं, एकावर डिश.
उडदाचं घुटं, नाचणीची भाकरी,
कुणाच्या तरी महागड्या सॅकचा पट्टा
एक वासरू मन लावून चाटत होतं.
मी खिशातून घडी काढली, उलगडली.
ठकूबाईंनी आधी हात पुसले, मग बोट ठेवलं.
हे ठिपके म्हणजे घरं, मी सांगितलं.
त्यांनी मोजले. "सात हायेत."
परत मोजले.
त्यातले कुठले दोन ते त्यांना ठाऊक होतं,
मी विचारलं नाही.

"आनि ही आमची वाट?"
हो.
"आशी तुटून तुटून का काढली?"
पायवाट असली की तुटकच काढतात, तसा नियम आहे.
त्या थोडा वेळ कागदाकडे बघत राहिल्या.
"आमी काय मधनं उडत न्हाई," म्हणाल्या.

मग कडा.
नकाशात कड्याला दाते काढतात, कंगव्यासारखे,
मी हजारो काढले असतील.
समोर लिंगाणा, त्याच्या मागे धुरकट रायगड,
खाली कोकण, इतकं खाली
की तिथला धूर सुद्धा वर यायचा कंटाळा करत होता.
वाटभर विम्याचं बोलणाऱ्या बाई गप्प झाल्या.
पोरानं फोन वर धरला, मग खिशात टाकला.
एवढ्यात कोंबडा आरवला, खालच्या कुठल्या तरी गावातला.
सातशे मीटर चढून आली ती बांग,
कुठेही न बसता.

उतरताना गुडघ्यांनी एकतीस वर्षांचा हिशेब काढला.
सगळे पुढे गेले, हसणं ऐकू येईनासं झालं,
गाडीचा हॉर्न दोनदा वाजला.
वळणावरून दिसलं, ठकूबाई दगडावर बसल्यात,
जर्किनची चेन गळ्यापर्यंत ओढून,
उजवी मूठ भरलेली,
डाव्या तळव्यावर एक खडा
वरखाली उडवत.