थिमकी

रजिस्टरात माझं नाव: तांबोळी परवीन मस्तान,
पद: अर्थसहायक, कंत्राटी.
लोकांना वाटतं पैशाचं खातं आहे.
दोनदा बाया कर्जाचे कागद घेऊन आल्या.
शब्दाचा अर्थ, मावशी, असं सांगितलं
तर म्हणाल्या, मग त्याला पगार कशाचा?

यंत्राचं सरकारी नाव सतरा अक्षरांचं.
गावात म्हणतात कानपेटी.
ग्रामपंचायतीच्या मागच्या खोलीत,
फवारणीच्या पंपाशेजारी, निळ्या ताडपत्रीखाली.
दर मंगळवारी उघडायची. वीज असली तर.

तिला चार तारा.
पहिलीवर हेच गाव, पण कचेरीनं
अजून उर्दू सोडलेली नाही;
तलाठी बोलतो आमच्या अब्बांच्या तोंडचं,
दरख्वास्त, फेहरिस्त.
दुसरीवर तेरणा कधी आटलीच नाही,
इकडं कुणी टँकर म्हटलं
की तिकडून विचारणा येते.
तिसरी नुसती खरखरते.

चौथीला कुणी हात लावत नव्हतं.
चौथ्या तारेवर
त्या वर्षीचा गणपती बुडवून गाव झोपलं
आणि सकाळी उठलं.

एवढंच.

पेटी ऐकते, मागची-पुढची वाक्यं चाळते,
पट्टीवर आपल्या बोलीत अर्थ उमटवते.
फरक थोडाच असतो. तीसेक वर्षांत
भाषा सरकून सरकून किती सरकणार,
बांध कोरल्याएवढी.

गुंडप्पा बिराजदार आले. चपला बाहेर.
"चौथी लाव."
काका, अर्ज लागतो.
ते बसून राहिले. मी लावली.

तिकडं बाजार भरलेला.
कुणी ज्वारी मोजत होतं, कुणी भांडत होतं, आणि मधूनच
दूध थिमकू दे, मग उतरव.
पाऊस थिमकलाय, पळ.
पोरगं बारावीला थिमकलं, पुढल्या साली निघंल.
म्हातारी थिमकत थिमकत गेली बघ.

पट्टी कोरी. पेटीनं बारा हजार वाक्यं चाळली
आणि उमटवलं: अर्थ उपलब्ध नाही.
स्थानिक. त्या वर्षानंतरचा.
एका घरातून पसरलेला.

गुंडप्पांकडं चष्मा नव्हता. त्यांनी वाचलं नाही.
"थांब की," म्हणाले.
मी थांबले.
"तसं नव्हं. थांब की म्हणता यायचं नाही तिला.
मी शेताला निघालो की धोतर धरून,
थिमकी, थिमकी.
अडीच वर्साची होती शिवलीला."

मी रकान्यात लिहिलं: थिमकणे, अकर्मक.
पुढं उदाहरणाची जागा असते.

तिकडं ती बोलत राहिली असणार,
आधी घर तिच्यासारखं बोलाय लागलं, मग गल्ली,
मग उधारी मागणारा दुकानदारसुद्धा.
इकडं तो शब्द एकाच माणसाकडं होता.

तेवढ्यात पेटी किणकिणली.
त्यांनाही आमचं ऐकू येतं
हे मी काकांना सांगितलं नव्हतं.
तिकडच्या अर्थसहायकाचा प्रश्न:
तुमची माणसं सारखी म्हणतात
शेडात होतो तेव्हा, शेडातलं लगीन, शेडात झालेला पोरगा.
शेड म्हणजे काय?

नियम असा, की खरा अर्थ कळवावा,
चाळीस शब्दांच्या आत.
मी सुरू केलं: पत्र्याचं, तात्पुरतं,

"काय इचाराय लालेत?"
सांगितलं.
ते बराच वेळ फवारणीच्या पंपाकडं बघत बसले.
"लिही, गोठा."

लिहिलं. पाठवलं.
लगेच उत्तर आलं: आभार.
गोठ्यात लग्नं लावता? मजेशीर आहात.

गुंडप्पा हसले. खरंच हसले,
पुढचे दोन दात नाहीत त्यांना.

तिकडं बाजार मोडत आला.
साडेपाचला आमची वीज जाते,
मी बटनाकडं हात नेला.

थिमकी, ते म्हणाले.

पट्टीवर काही उमटलं नाही.
या तारेवरचं बोलणं ती वाचत नाही.