कडी ओढायची नसते

शेंबाळपिंपरीत बाजाराच्या दिवशी
दुकानात येतं ते बहुतेक पिचलेलं, वाकलेलं,
नाहीतर मोडीत काढायचं म्हणून रुमालात बांधलेलं.
उज्वला आडे आली ती नुसता हात पुढं करून.
पुसद डेपोची कंडक्टर. गाडी पंक्चर,
ड्रायव्हर जॅकशी भांडतोय, उतारू भेंडी निवडताहेत.
"एवढं एक लटकवून द्या बाई.
अन् साखळीले काही होऊ देऊ नका."

एवढं एक म्हणजे राजाच्या डोक्याचा जुना रुपया,
तिच्या याडीच्या हारातला,
कान तुटलेला.

साखळीत आधीच चौघं नांदत होती.
निळ्या मिन्याचा मासा,
मसुराएवढी शिट्टी (मी फुंकून पाहिली, वाजत नाही),
एका ट्रंकेची किल्ली, ट्रंक आता नाही,
आणि अर्धं पान.
उरलेलं अर्धं कोणाकडे, ते मी विचारलं नाही.

मी आधी काटा काढला.
साखळी नऊ ग्रॅम. रुपया अकराच्या वर.
"लेकरू मायले कडेवर घेईन का?" मी म्हटलं.
"दोन वर्सं घेतलंच न बाप्पा," ती म्हणाली,
आणि बाहेर टायरकडे पाहत राहिली.

मग मी काटा ठेवून दिला.

भोक पाडायचं नाही, हे तिनं सांगायच्या आधीच ठरलं होतं.
राजाच्या टाळूतून तार कशाला न्यायची?
काठाला चांदीच्या तारेचं कुंपण घातलं,
चार नख्या आत वळवल्या,
रुपया बसला. वाटलं तर उद्या उठूनही जाईल,
अंगावर ओरखडा न घेता.

कडी मात्र वळवायची असते.
चिमट्याच्या दातांना चामड्याची पट्टी गुंडाळून
एक टोक पुढं, एक टोक मागं, दोन्ही आपापल्या जागी.
फाकवलेली कडी पुन्हा गोल होत नाही,
कितीही दाबा, जरा रुसलेलीच राहते.
आणि एका दुव्यात दोन कड्या देऊ नयेत,
रात्रंदिवस घासतात, आतून झिजतात.
हे सासऱ्यांनी शिकवलं,
तेव्हा ते आम्हा दोघी जावांकडे
अजिबात पाहत नव्हते.

म्हणून शिट्टी सरकवली किल्लीशेजारच्या रिकाम्या दुव्यात,
रुपयाला मधला, जाड दुवा दिला.
डाख द्यायचा तर मासा जवळच, मिना तडकला असता.
बाजारातून बटाटा मागवला, अर्धा चिरला,
मासा त्यात पार शेपटीपर्यंत खोचला.
सवागी लावली, फुंकणी ओठाला,
पिवळी जीभ निळी झाली, चांदी एक क्षण पाण्यासारखी हलली
आणि जागच्या जागी थांबली.
मासा निघाला तसाच निळा,
दुकानात उकडलेल्या बटाट्याचा वास.

मग शेवटचं सांगितलं, जे सगळ्यांना सांगते
आणि कोणाला पटत नाही.
टोकाच्या फाशाची कडी मी झाळणार नाही, नुसती मिटवणार.
गाडीच्या दारात अडकली, तिकीट मशीनच्या पट्ट्यात गुंतली,
तर काहीतरी सुटलं पाहिजे.
ते मनगट नको, दुवा नको, रुपया तर नकोच.
पाच रुपयांची कडी सुटावी.
"म्हंजे आख्खी साखळी खाली पडन!"
"पडेल."
ती जरा थांबली. हात हलवून पाहिला.
चार बारीक आवाज, आणि त्यांच्याखाली एक जाडा.
"पडू द्या मंग. गाडी त माहीच हाय, जाईन कुठं."

दोनशे नव्वद झाले. तिनं तीनशे दिले.
गल्ल्यात सुट्टे नव्हते.
पावती उलटी करून मागं लिहून दिलं,
दहा रुपये बाकी,
आणि खाली सही.
ते वाचून ती दुकानाच्या पायरीवर बसली हसत,
तिकडं ड्रायव्हर हॉर्नवर हॉर्न देतोय,
आणि तिच्या हातात पाचही जण
वाजताहेत.