गुरुवार

गुरुवारी आमच्या पेठेत लाइट बंद असायची,
माग गप्प.
पहाटे साडेचारला सायकलच्या दांड्याला
वेळूची काठी बांधायची, सुतळीनं दोन ठिकाणी.
एका डब्यात गांडुळं,
दुसऱ्यात कडक भाकरी अन् शेंगाचटणी.
एकदा अंधारात डब्यांची अदलाबदल झाली.
ते नरसम्माला अजून सांगितलेलं नाही.

हिप्परग्याच्या तलावावर
बाभळीखालची जागा माझी.
कागदावर नाही,
पण गेनबा भोई जाळं टाकताना तेवढा तुकडा सोडतो.
तो पोटासाठी धरतो. मी कशासाठी,
हे त्यानं बत्तीस वर्षांत एकदाच विचारलं.
मी म्हणालो, बघू.

डावा कान मागाच्या खडखडाटात गेला,
उजवा निम्मा.
टिटवी ओरडतेय हे मला तिच्या चोचीवरून कळतं.
पण बोट,
हजारभर धाग्यांतला एक तुटला
तर माग थांबायच्या आधी ज्याला कळायचं
ते बोट तंगुसावर ठेवून बसतो.
चिलापी टुचटुच करते, उधारी मागितल्यासारखी.
रोहू एकदा ओढतो, मग विचार करत बसतो.
खेकडा नुसता वेळ खातो.
आणि मरळ आली की
आधी काहीच होत नाही.
ते काहीच न होणं वेगळं असतं.

सत्त्याण्णव साली अशीच एक आली.
काठी वाकून टोक पाण्यात गेलं,
गेनबा पलीकडून हात हलवत काहीतरी ओरडत होता,
आणि गाठ सुटली.
हात एवढा हलका झाला
की मी उताणा पडलो, काट्यांत.
रात्री नरसम्मानं सुईनं सात काटे काढले,
मग विचारलं, केवढी होती?
मी हात पसरले.
तिनं ते धरून जरा जवळ आणले.

आता मालकानं माग भंगारात घातलेत.
माझे सगळेच वार रिकामे.
गेनबा म्हणतो, मग रोज ये की.
रोज गेलो तर ती हजेरी होईल.
मी गुरुवारीच जातो.

बाकीचे सहा दिवस उंबऱ्यावर बसून
तंगूस अंगठ्याला गुंडाळतो, सोडतो.
विणकराची गाठ बारीक, नजरेला दिसत नाही.
सुतात ती जन्मभर टिकते,
पाण्यात टिकली नाही.
दुसरी एक आहे, पाच वेढ्यांची.
गेनबाच्या नातवाकडून शिकतोय.
चौथ्या वेढ्याला चुकतो,
पोरगं हसतं,
त्याचं हसणं ऐकू येत नाही म्हणून
मीही हसतो, आणि पुन्हा सोडतो.