मिठातलं दफ्तर

विन्सफर्डच्या खाली, दीडशे मीटर खोल,
एक समुद्र आहे. कोट्यवधी वर्षांपूर्वी आटलेला,
अजून गुलाबी.
त्याच्या पोटात आम्ही खोकी ठेवतो:
इस्पितळांचे एक्स-रे, बुडालेल्या बँकांच्या वह्या,
कुठल्याशा कौन्सिलचे गटारांचे नकाशे.
इथे ओल नाही, वाळवी नाही, ऊन नाही.
कागदाला याहून बरा परलोक मिळायचा नाही.

मी रात्रपाळीची कारकून.
ऑलरेनशॉ म्हाताऱ्याला ज्योत्स्ना म्हणता येत नाही,
त्याने माझं ‘जॉस’ केलंय,
चांदणं वजा करून.

फेब्रुवारीत एकदा, चहा निवल्यावर, तो म्हणाला,
‘सव्विसाव्या गल्लीत गेलीस कधी?’
नकाशात गल्ल्या पंचवीस.

बॅटरीच्या गाडीतून बराच वेळ गेलो.
मग खोकी संपली, दिवे संपले,
आणि नुसती भिंत.
‘कान लाव,’ तो म्हणाला.
आमच्याकडे भिंतीला कान असतात, मी म्हणणार होते,
पण तोवर ऐकू यायला लागलं:

एक गोगलगाय फरशी ओलांडत होती, कुठल्यातरी मंगळवारी.
कुणीच न पाहिलेला एक तारा विझताना चरचरला.
सोलापुरात एका बाईने ओठांवर आलेलं उत्तर गिळलं,
त्याचा घोट.
पाण्याला पहिल्यांदा थंडी वाजली.
सगळं एकाच आवाजात, लहानमोठं न करता,
तलाठ्यानं सातबारा वाचावा तसं.

ऑलरेनशॉ इथे रोज येतो.
एडिथचं खोकणं ऐकतो.
तिचं हसणं नाही? मी विचारलं. लग्नाचा दिवस?
‘खोकणंच,’ तो म्हणाला.
‘तेवढं एकच मी तिला थांबव म्हणालो होतो.’

माझ्याआधी आईला एक मुलगी झाली होती.
नऊ दिवसांची.
बारसं बाराव्या दिवशी असतं,
म्हणून तिला नाव नव्हतं. कागद तर नव्हताच.
घरात तिला ‘ती’सुद्धा म्हणत नसत,
‘तेव्हा’ म्हणत.
तेव्हा चाकवत चांगला मिळायचा, आई म्हणायची,
आणि उठून आत जायची.

कुठल्या अक्षराखाली शोधू?
‘इथे अक्षरं नाहीत, जॉस,’ तो म्हणाला
आणि टॉर्च दुसरीकडे वळवून
उगाच बुटाची नाडी बांधत बसला.

लहानपणी मीठ सांडलं की आई सांगायची,
वर गेल्यावर देव एकेक कण पापणीने वेचायला लावतो.
वर जायला अजून अवकाश होता.
मी खालीच होते.
चष्मा काढला, भिंतीशी गेले,
पापणी टेकवली.

आधी काहीच नाही.
मग वेखंडाचा वास. शेगडीची ऊब.
मग उचकी.

एक. थांबून आणखी एक.
बोटभर जीव, आणि अंगभर उचकी.
कुणीतरी आठवण काढतंय गं, असं म्हणत
कुणीतरी तिच्या टाळूवर फुंकर घातली.

पण तिला ओळखणारी चारही माणसं
त्याच खोलीत होती.
कराडला, एकाहत्तर साली,
दुसरं कोण तिची आठवण काढणार होतं?

हे मला कळलं तेव्हा पहाटेचे तीन वाजले होते.
मी डोळा हलवला नाही.
मी आठवण काढत राहिले,
म्हणजे तिची उचकी थांबेना,
म्हणजे ती अजून होती.
किती वेळ, ते माहीत नाही.
ऑलरेनशॉने दुसऱ्या बुटाचीही नाडी बांधली.

सहाला वर आलो. रात्री बर्फ पडलं होतं
आणि कौन्सिलची लॉरी आमच्या खाणीतलं मीठ
रस्ताभर टाकून गेली होती.
गाड्या त्याच्यावरून चालल्या होत्या.
मी कडेच्या गवतातून,
बूट भिजवत,
घरी गेले.