हीन नसावा

शेनँडोआत, कोळशाच्या ढिगाऱ्याखाली,
बिशपांचा हुकूम मीच वाचला
माझ्या वसईकर इंग्रजीत:
हे चर्च यापुढे लौकिक वापरास मोकळे,
मात्र तो वापर हीन नसावा.

"हीन म्हणजे काय, फादर?"
ल्युडमिला ह्राबोव्चाक.
चाळीस वर्षं वेदीची कापडं धुतेय.
"गालिच्यांचं दुकान?"
चालेल.
"दारूचं?"
कलम एवढं खोलात जात नाही.

अर्जाला दहा दिवस.
तिनं बोटांवर मोजले,
रविवार धरायचे का, विचारलं.
मला पुस्तक उघडावं लागलं.

अकराव्या दिवशी किल्ली घेऊन आली,
सुतळीला गाठ,
बापानं खाणीतून वर येऊन मारलेली.
काळी.

पावती लिहिली मी:
किल्ली, नग एक.
गाठीपाशी पेन अडलं.
"असू दे," म्हणाली,
आणि दाताने सोडवू लागली.