बाळसं

दहा किलो दोनशे.
लाल वहीत मी ठिपका दिला,
तो मधल्या रेषेला चिकटूनच बसला.
टॅमसिन हसली, ‘चंकी’ म्हणाली;
मी ऐकलं, बाळसं.

रेडरूथमध्ये मंगळवार हा वजनाचा वार.
खिडकीबाहेर कथलाच्या बंद खाणीचं धुराडं,
आत सोळा महिन्यांचा जागो.
इथलं जुनं नाव आहे ते,
माझ्या कानाला मात्र दर वेळी विनवणीसारखं लागायचं.
आज जास्तच.
डोळे उघडे होते, इतकंच.
खुळखुळा वाजवला,
त्यानं मान वळवली नाही.

पुरळ उठायचं म्हणून आधी दूध बंद,
मग अंडं, मग डाळी.
बाटलीत तांदळाचं दूध,
महागातलं, खोक्यावर हिरवं पान.
‘पोटभर पितो,’ ती म्हणाली,
आणि ते खरंच होतं.
केस मुळाशी तांबूस झालेले:
‘आमच्या आजोबांवर गेलाय.’

मी मोजा काढला.
पावलावर अंगठा दाबून मनात दहापर्यंत मोजलं.
उचलला.
खळगा तसाच राहिला,
भिजवलेल्या कणकेत राहतो तसा.

हिंगोलीला परीक्षेत दोन गुणांचा प्रश्न होता,
फरक स्पष्ट करा.
सुकटीत पोर वाळतं, सुजवटीत फुगतं.
दोन्ही गुण घेऊन मी विसरून गेले होते.
आणि काट्याला काय,
पाणी नि मांस सारखंच.

‘माझं काय चुकलं?’
मराठीत सांगायला सोपं होतं:
नुसत्या पेजेवर पोर वाढत नाही गं बाई.
इंग्रजीत मी प्रथिनं म्हणाले,
मग रुग्णवाहिका म्हणाले,
आणि तिच्या मांडीवरची पिशवी उगाचच
आवरून देत बसले.

नवव्या दिवशी ट्रुरोच्या इस्पितळातून फोन.
रडत होती.
‘आठ किलो चारशे. रोज उतरतंय.
तुम्ही तर म्हणाला होतात खायला घालतायत म्हणून!’

उतरू दे, म्हटलं.
ते पाणी आहे.
त्याच्याखाली कुठंतरी तुझा मुलगा आहे.

ती गप्प झाली.
तेवढ्यात तिच्यामागे काहीतरी फरशीवर आपटलं,
चमचाच असणार,
आणि पाठोपाठ एक आवाज,
चिडका, सणसणीत,
मी आजवर कधीच न ऐकलेला.

‘थांबा हं,’ ती म्हणाली,
‘जागो हाक मारतोय.’