चव्वेचाळीस वेढे

मी मोटारी भरतो. समडोळीत,
वेशीपासून तिसरं शटर.
जळलेल्या येतात, भरून जातात,
पुन्हा जळून येतात.
सव्वीस वर्षं तांब्याच्या तारेवर घर चाललं
आणि मोटार जळलीच का,
हे मी कुणाला विचारलं नाही.
नाल ठोकणारा कुठं विचारतो
घोडा कसल्या वाटेनं पळाला ते.

त्रिशला आठवीत होती.
बोटं बारीक, म्हणून गाळ्यात बसवली.
चोवीस खाचा. खाचेत कागद,
कागदात तार, वरून बांबूची पट्टी.
फर्म्यावर एका कॉइलला वेढे चव्वेचाळीस.
दोन जरी कमी पडले
तरी मोटार करंट जास्त ओढते,
तापते, महिन्यात परत दारात.

ती ओठांत मोजायची.
चौतीस, पस्तीस, छत्तीस...
आणि हाक यायची:
त्रिशा, पाहुणे आलेत, चहा टाक.
उठायची. चहा टाकायची.
परत येऊन तार सोडायची, एकपासून.
हाक कधी तिच्या आईची,
बहुतेक वेळा माझी.
एकदा म्हणाली,
अप्पा, हाक मारायची तर विसाच्या आत मारत जा.
मी हसलो. समोरचं गिऱ्हाईकही हसलं.

हिशेबाची वही तिच्याकडंच होती.
नाव, गाव, किती एचपीची, किती घेतले.
तिनं एक रकाना वाढवला, मला न सांगता:
कुठल्या डीपीवरची.
दहावीच्या सुट्टीत वही माझ्यापुढं ठेवली.
ओढ्याकाठच्या डीपीवरच्या एकोणीस,
बाकी गावाच्या मिळून सहा.
मी म्हटलं, असेल.
ती म्हणाली, असेल नको, बघूया.

शेतीची लाईट त्या आठवड्यात रात्री होती.
दोन वाजता उसातनं गेलो,
मी बॅटरी धरलेली, मीटर तिच्या हातात.
एक फेज दोनशे तीस.
दुसरा दोनशे अठ्ठावीस.
तिसरा एकशे एकोणसाठ.
तिनं तिसरा तीनदा बघितला.

सकाळी वायरमनला गाठलं.
कुणी काढलं हे रीडिंग, त्यानं विचारलं.
मी म्हटलं, मी.

का म्हटलं?
पोरीचं नाव घेतलं तर तो वर चढणार नाही,
असं वाटलं. चढला असताही कदाचित.
ती शेजारीच उभी होती, पाना धरून.
काही बोलली नाही.
सांधा सैल होता, त्यानं आवळला.
त्या हंगामात माझ्या फर्म्यावर धूळ बसली
आणि धंदा पडला म्हणून मला राग यावा
तर तोही येईना.

पुढं कधीतरी वही चाळताना दिसलं, त्याच तारखेला:
कारण, सैल सांधा. दुरुस्त.
आणि खाली, बारीक पण दाबून,
रीडिंग: त्रि. बा. मगदूम.

आता ती विश्रामबागेत शिकते, इलेक्ट्रिकल, तिसरं वर्ष.
पहिल्याच प्रॅक्टिकलला ठरलं,
मुलांनी जोडणी करायची,
मुलींनी आकडे लिहायचे, अक्षर चांगलं असतं म्हणून.
तिनं वही शेजारच्या पोराकडं दिली
आणि पक्कड उचलली.
हे तिनं सांगितलं नाही.
त्या पोराचा बाप माझं गिऱ्हाईक आहे.

गाळ्यात सध्या आफरीन येते,
मुल्लाणींची, आठवीतलीच.
त्रिशलानंच धाडली, म्हणाली, हिला का विचारायची सवय आहे,
तेवढी मोडू नका.

काल सोयरे आले, कवठेपिरानचे, चौघं.
आफरीन अडतिसावर होती.
हाक माझ्या जिभेवर आलेली.
गिळली.
उठलो, स्टोव्ह पेटवला,
चहापत्ती कुठं असते ते शोधत बसलो.
पाहुणे बघत राहिले.
मागनं आवाज येत होता,
एकेचाळीस, बेचाळीस,

आणि मी साखर दोनदा टाकली.
चहा सगळ्यांनी प्यायला. कुणी काही बोललं नाही.